‘धर्मात्मा’ चित्रपट आणि बाबासाहेबांचा एक शेरा

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा ‘अॅनिहिलेशन ऑफ कास्ट’ हा निबंध आमच्या बहुतेक वाचकांच्या संग्रही आहे. लाहोरच्या जातपात तोडक मंडळाने जी परिषद अखेरीस रद्द केली, तिचे ते न झालेले अध्यक्षीय भाषण. मे १९३६ मध्ये बाबासाहेबांनी ते स्वतः छापून प्रसिद्ध केले. जुलैमध्ये महात्मा गांधींनी ‘हरिजन’ पत्रातून त्यावर टीका केली आणि १९३७ च्या दुसऱ्या आवृत्तीत त्या टीकेस बाबासाहेबांनी दिलेले उत्तर जोडले गेले. हे उत्तर वाचीत असता एका ठिकाणी वाचक क्षणभर थबकतो. वेद, शास्त्रे आणि संत यांची गंभीर चर्चा चालली असताना बाबासाहेब एकाएकी एका चित्रपटाचे नाव घेतात. तो चित्रपट म्हणजे प्रभात फिल्म कंपनीचा ‘धर्मात्मा’, १९३५ सालचा.

गांधीजींचा मुद्दा असा होता की, कोणत्याही धर्माची परीक्षा त्याच्या हीन नमुन्यांवरून करू नये. चैतन्य, ज्ञानदेव, तुकाराम अशा श्रेष्ठ पुरुषांवरून करावी. त्यावर बाबासाहेब विचारतात की, हे श्रेष्ठ पुरुष मूठभरच का राहिले आणि समाज त्यांच्यामागे का गेला नाही? याच ओघात एकनाथांचा उल्लेख येतो. अस्पृश्यांना स्पर्श करण्याचे आणि त्यांच्यासह भोजन करण्याचे धैर्य दाखविणारा नायक म्हणून एकनाथ ‘धर्मात्मा’ चित्रपटात उभे आहेत. परंतु त्यांनी तसे केले ते जातीला वा अस्पृश्यतेला त्यांचा विरोध होता म्हणून नव्हे, तर त्यातून होणारा विटाळ गंगास्नानाने धुऊन निघतो अशी त्यांची धारणा होती म्हणून, असा बाबासाहेबांच्या विधानाचा आशय आहे. आधारासाठी एकनाथी भागवताच्या अठ्ठाविसाव्या अध्यायातील १९१ वी ओवी ते देतात.

एका धावत्या चित्रपटाविषयी एवढे कठोर वाक्य बाबासाहेबांनी का लिहिले असावे, हा प्रश्न आम्हास अनेक वर्षे पडलेला आहे. आम्ही सांगलीकर असल्यामुळे तो अधिकच जवळचा वाटतो, कारण पडद्यावरच्या त्या एकनाथाचे मूळ आमच्याच जिल्ह्यात, कृष्णाकाठच्या नागठाणे गावात आहे.

नागठाणे पलूस तालुक्यात येते. नारायण श्रीपाद राजहंस, म्हणजेच बालगंधर्व (१८८८–१९६७), यांचे हे गाव. सांगलीला ‘नाट्यपंढरी’ म्हणण्याचा प्रघात आहे. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी पटवर्धन संस्थानिकांच्या आश्रयाने ‘सीतास्वयंवर’ येथेच रंगमंचावर आणले. ‘शारदा’कार गोविंद बल्लाळ देवल शेजारच्या हरिपूरचे आणि कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर तर सांगलीतच जन्मलेले. नारायणाला रंगभूमीचा दरवाजा उघडला तोही मिरजेस. राजर्षी शाहू महाराजांनी या मुलाचा आवाज ऐकला, त्याला कमी ऐकू येते हे जाणून मिरजेच्या मिशन दवाखान्यात त्याच्या उपचाराची सोय केली आणि तेथेच मुक्कामास असलेल्या किर्लोस्कर नाटक मंडळीत तो १९०५ साली दाखल झाला. त्याची पहिली शकुंतला मिरजेतच उभी राहिली. माणगावच्या परिषदेत तरुण बाबासाहेबांचा समाजाला परिचय करून देणारे शाहू महाराज आणि बालगंधर्वांना रंगभूमीकडे नेणारे शाहू महाराज एकच, ही गोष्ट जाता जाता नोंदवून ठेवावी अशी आहे.

बालगंधर्वांच्या चरित्रातील एक प्रसंग महाराष्ट्रात पिढ्यान्‌पिढ्या सांगितला जातो. १२ मार्च १९११ रोजी मुंबईत खाडिलकरांच्या ‘मानापमान’चा पहिला प्रयोग होता आणि त्याच दिवशी त्यांची लहान मुलगी वारली. प्रयोग रद्द न करता त्या रात्री ते भामिनी म्हणून उभे राहिले. कर्तव्यनिष्ठेचे उदाहरण म्हणून ही कथा सांगणाऱ्यांना त्या घरातील आईच्या रात्रीची आठवण सहसा होत नाही. बालगंधर्वांचा मोठेपणा कमी करण्याच्या हेतूने आम्ही हे म्हणत नाही. एखाद्याच्या कर्तव्याची थोरवी गाताना तिची किंमत कोणी चुकविली हे झाकले जाते, एवढेच येथे सांगावयाचे आहे. ‘धर्मात्मा’कडे पाहताना हे पुन्हा उपयोगी पडेल.

१९१३ साली निघालेली गंधर्व नाटक मंडळी वैभवाच्या शिखरावर गेली आणि तितक्याच वेगाने कर्जात बुडाली. भरजरी शालू, अत्तरे, मखमली पडदे यांवर होणाऱ्या खर्चास सीमा नव्हती. तशात बोलपट आला. ‘प्रभात’ १ जून १९२९ रोजी कोल्हापुरात स्थापन झाली होती. दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर आणि कुलकर्णी हे तिचे भागीदार. १९३२ साली तिने ‘अयोध्येचा राजा’ हा मराठीतील पहिला बोलपट दिला आणि १९३३ मध्ये ती पुण्यास गेली. १९३४ च्या ‘अमृतमंथन’मध्ये देवीपुढील बळी आणि त्यांच्या आडून राज्य करू पाहणारा राजगुरू हा विषय व्ही. शांताराम यांनी घेतला होता. अशा कंपनीशी बालगंधर्वांनी भागीदारी केली. सहा चित्रपट काढण्याचे ठरले. पहिला ‘धर्मात्मा’.

स्त्रीभूमिकांमुळे घरोघर पोहोचलेला हा नट वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी प्रथमच पुरुषवेषात, त्यातही संताच्या वेषात, प्रेक्षकांसमोर आला. लेखन के. नारायण काळे यांचे. एकनाथांना छळणाऱ्या महंताची भूमिकाही त्यांनीच केली. रत्नप्रभा गिरिजाबाई झाल्या आणि अस्पृश्य वस्तीतील जाई ही लहान मुलगी वासंती या बालनटीने उभी केली. संगीत मास्टर कृष्णराव फुलंब्रीकरांचे. चित्रपट मराठीत व हिंदीत निघाला. बालगंधर्व मात्र कॅमेऱ्यापुढे रमले नाहीत. एक पद सहा वेळा निरनिराळ्या अंगांनी फुलविणाऱ्या गायकाला मोजक्या मिनिटांची चौकट मानवणे कठीणच होते. भागीदारी त्या एका चित्रपटावर संपली. पुढे १९३७ च्या ‘साध्वी मीराबाई’त ते पुन्हा लुगडे नेसून पडद्यावर आले. एवढी व्यवसायाची कथा पुरे.

चित्रपटाचे मूळ नाव ‘महात्मा’ असे होते. ब्रिटिश अभ्यवेक्षकांनी त्यास हरकत घेतली आणि नाव बदलून ‘धर्मात्मा’ करावे लागले. या हरकतीला आधार होता, हे मान्य केले पाहिजे. १९३५ साली ‘महात्मा’ म्हटल्यावर पैठणचे एकनाथ कोणाच्या डोळ्यांसमोर येणार होते? २४ सप्टेंबर १९३२ ला पुणे करार झाला होता. त्यानंतर हरिजन सेवक संघ निघाला, आणि नोव्हेंबर १९३३ पासून ऑगस्ट १९३४ पर्यंत गांधीजींनी देशभर हरिजन दौरा केला. सोळाव्या शतकातील ब्राह्मण संत महाराच्या घरी जेवतो ही कथा त्या काळातील प्रेक्षक गांधीजींची कथा म्हणूनच पाहणार होता. नाव बदलले तरी अर्थ तोच राहिला.

त्या काळी असा चित्रपट काढण्यास धैर्य लागत होते, यात शंका नाही. जून १९३४ मध्ये पुण्यात, म्हणजे ‘प्रभात’च्याच शहरात, गांधीजींच्या स्वागतासाठी निघालेल्या मोटारींवर बॉम्ब टाकण्यात आला होता. सनातन्यांचा रोष पत्करून श्राद्धाचे अन्न महारांना वाढणारा आणि त्यांच्या पंक्तीस बसणारा ब्राह्मण पडद्यावर दाखविणे हे व्यवसायाच्या दृष्टीनेही धाडसाचे होते. हे श्रेय ‘प्रभात’ला आणि शांतारामबापूंना द्यावयास आम्ही कचरत नाही. बाबासाहेबांनीही चित्रपट वाईट आहे असे म्हटलेले नाही. त्यांचा आक्षेप या कथेने प्रेक्षकाच्या मनात काय घडते याविषयी आहे, आणि तो समजण्यासाठी पडद्यापासून दूर, साताऱ्याकडे जावे लागते.

‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ हे बाबासाहेबांचे आठवणींचे लहानसे टिपण साधारणतः १९३५-३६ च्या सुमारास लिहिलेले आहे, म्हणजे ‘धर्मात्मा’ चित्रपटगृहांत लागला त्याच काळात. त्यातील पहिली आठवण १९०१ सालची. वडील सुभेदार रामजी तेव्हा नोकरीनिमित्त खटाव तालुक्यात राहत होते आणि मुले साताऱ्यास. सुट्टीत वडिलांकडे जाण्यासाठी नवे कपडे घालून मुले आगगाडीने मसूर स्टेशनवर उतरली. वडिलांना पत्र मिळाले नव्हते. न्यावयास कोणीच आले नाही. स्टेशनमास्तरने आधी आपुलकीने चौकशी केली, पण मुले महारांची आहेत हे कळताच तो दचकून मागे झाला. भाड्याने गाडी देण्यास कोणी गाडीवान तयार होईना. शेवटी दुप्पट भाडे घेऊन एक जण तयार झाला, आणि तोही या अटीवर की, बैल मुलांनी हाकावेत व तो गाडीच्या बाजूने पायी चालेल. रात्र झाली. शिदोरी जवळ होती, पाणी नव्हते. नाक्यावर मुसलमान असल्याचे सांगूनही पाणी मिळाले नाही. पोरे उपाशीच निजली.

या प्रसंगात महंत कोठे आहे? स्टेशनमास्तर दुष्ट नव्हता; मुलांची कणव त्याला आधी आलीच होती. गाडीवान तर स्वतः पोटासाठी राबणारा गरीब माणूस. त्याने पैसे घेतले, मुलांना वाटेत सोडून दिले नाही, आपल्या समजुतीप्रमाणे सौजन्यानेच वागला. तरीही नऊ-दहा वर्षांच्या मुलाला रात्रभर पाण्याचा थेंब मिळाला नाही. अस्पृश्यतेला खलनायक लागत नाही. ती गाडीवानाच्या, नाकेदाराच्या, घरातील आजीच्या हातून, कोणताही राग-द्वेष न बाळगता चालू राहते. चित्रपटाला मात्र खलनायकाशिवाय गत्यंतर नसते. ‘धर्मात्मा’मध्ये सगळा अन्याय एका सत्तालोलुप महंताच्या अंगी गोळा झालेला आहे. मठाची गादी आणि जातीवरचा अधिकार टिकविण्याची त्याची महत्त्वाकांक्षा आणि त्यासमोर एकनाथांचे भूतदयेचे कर्तव्य, असा हा सामना. त्याचा निकाल लागला की प्रेक्षक मोकळा होतो. खुर्चीवर बसलेल्या गाडीवानाला त्या महंतात आपला चेहरा दिसत नाही.

दुसरा मुद्दा नायकाविषयी. बाबासाहेब त्याच उत्तरात सांगतात की, लोकांना शिकवण अशी मिळाली की, जात मोडण्याचा अधिकार संताला आहे, सामान्याला नाही. परिणामी संत हा अनुकरणाचा विषय झालाच नाही. तो वंदनाचा विषय राहिला. आमच्या मते ‘धर्मात्मा’चा उल्लेख येथे नेमका बसतो. चित्रपटगृहातील अंधारात बालगंधर्वांच्या सुराने भारावलेला प्रेक्षक हात जोडतो. हात जोडणे म्हणजे ‘हे आपले काम नव्हे’ असे मनोमन ठरविणेच होय. मूळ आख्यायिकाही याला साक्ष आहे. महिपतीबोवांनी अठराव्या शतकात संतांच्या ज्या कथा ओवीबद्ध केल्या त्यांत एकनाथ महाराच्या घरी जेवावयास गेले असता त्याच वेळी ते स्वतःच्या घरीही दिसतात, कारण त्यांचे रूप घेऊन पांडुरंगच महाराच्या पंक्तीला गेलेला असतो. जेवण झालेही आणि ब्राह्मण बाटलाही नाही, अशी ही सोय. परंपरेला एकनाथांचे धाडस जपावयाचे होते आणि जातही राखावयाची होती. दोन्ही साधण्यासाठी देवाला राबविले गेले.

एकनाथ (१५३३–१५९९) हे ऐतिहासिक पुरुष म्हणून याहून अधिक गुंतागुंतीचे आहेत. त्यांच्या कित्येक भारुडांत बोलणारा महार आहे. ‘जोहार’ घालणारा तो वेसकर ब्राह्मणालाही चार शब्द सुनावतो. अमेरिकन अभ्यासक एलिनॉर झेलियट यांनी या भारुडांवर लिहिले आहे आणि एकनाथांकडे त्या सहानुभूतीने पाहतात. वरील ओवीचा अर्थ तिच्या संदर्भात वेगळा लावता येईल, असेही कोणी एकनाथभक्त म्हणतील. तसे म्हणण्यास हरकत नाही. बाबासाहेबांचा मूळ युक्तिवाद एका ओवीवर उभा नाही. भारुडातील महार कितीही ज्ञानाचे बोलला तरी बोलून झाल्यावर तो वेशीवरच उभा असतो. त्याला शब्द मिळाले, जागा मिळाली नाही. (पैठणचे लोक गोदावरीलाच गंगा म्हणतात. म्हणजे विटाळ धुण्यासाठी काशीला जाण्याचेही कारण नव्हते; ती दारातच होती.)

बाबासाहेबांना संतसाहित्याचे वावडे नव्हते, हेही येथे सांगितले पाहिजे. त्यांचे घर कबीरपंथी. ३१ जानेवारी १९२० ला निघालेल्या ‘मूकनायक’च्या शिरोभागी तुकारामांचा अभंग होता आणि १९२७ च्या ‘बहिष्कृत भारत’वर ज्ञानेश्वरीतील ओव्या होत्या. १९४८ मध्ये ‘द अनटचेबल्स’ हा ग्रंथ त्यांनी नंदनार, रविदास आणि चोखामेळा यांच्या स्मृतीस अर्पण केला. तेव्हा १९३६-३७ चे कठोर उद्गार हे अज्ञानातून वा तिटकाऱ्यातून आलेले नाहीत. काळाराम मंदिराचा पाच वर्षांचा सत्याग्रह त्यामागे होता, आणि १३ ऑक्टोबर १९३५ ची येवल्याची घोषणाही. ज्या वर्षी ‘प्रभात’ने एकनाथांना पडद्यावर आणले त्याच वर्षी बाबासाहेबांनी हिंदू म्हणून मरणार नाही असे जाहीर केले.

या दोन गोष्टींमधील अंतर एका पत्रात स्पष्ट दिसते. १४ नोव्हेंबर १९३२ रोजी, गोलमेज परिषदेस जाताना, बोटीवरून बाबासाहेबांनी हरिजन सेवक संघाचे ठक्करबाप्पा यांना सविस्तर पत्र लिहिले. विहिरी, शाळा, रस्ते यांवरील नागरी हक्कांसाठी मोहीम काढावी, नोकरी-धंद्यात समान संधी मिळवून द्यावी, सामाजिक व्यवहार वाढवावेत आणि या कामासाठी अस्पृश्यांतूनच कार्यकर्ते घ्यावेत, अशा त्यांच्या सूचना होत्या. त्या मानल्या गेल्या नाहीत. पुढे अस्पृश्यांना संघाच्या मंडळावर घेण्याची मागणी झाली तेव्हा गांधीजींची भूमिका अशी की, हे सवर्णांचे प्रायश्चित्त आहे. ऋणको ते आहेत, तेव्हा परतफेड कशी करावयाची हे त्यांनी ठरवावे. म्हणजे ऋणकोच हिशेबनीस. ‘धर्मात्मा’ची रचना याच हिशेबाची आहे. कर्तव्य ब्राह्मणाचे, धैर्य ब्राह्मणाचे, छळ सोसणारा ब्राह्मण आणि विजयही ब्राह्मणाचा. जाई नावाची गोड मुलगी आहे ती त्याचे कर्तव्य पार पडावे म्हणून.

आमच्याच वाळवा तालुक्यातील एक गोष्ट येथे आठवते. रेठरे हरणाक्ष गावचे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी घरदार व जात सोडून तमाशात गेले आणि पठ्ठे बापूराव म्हणून अजरामर झाले. त्यांच्या फडाची शान होती पवळा. ती संगमनेर तालुक्यातील हिवरगाव पावसा येथील महार समाजाची मुलगी. बापूराव जेवले, राहिले, गायले ते अस्पृश्यांत. एकनाथांना जे एक वेळच्या जेवणापुरते जमले ते त्यांनी आयुष्यभर केले, असे त्यांचे चाहते म्हणतात. पण महाडच्या लढ्याच्या सुमारास तमाशाच्या उत्पन्नातून मदत देऊ केली असता बाबासाहेबांनी ती नाकारल्याची आठवण आपल्या चळवळीत सांगितली जाते; आपल्या आयाबहिणींना नाचवून मिळालेला पैसा त्यांना नको होता. बापूरावांचा त्याग खरा होता. तरीही ब्राह्मण तमाशात आला म्हणून थोर कलावंत ठरला आणि पवळा तमाशातच राहिली म्हणून नाचीच राहिली. आज रेठऱ्याचे नाव जेवढ्या अभिमानाने घेतले जाते तेवढे हिवरगावचे घेतले जाते काय?

भदन्त सुरई ससाई यांच्यामुळे जपान हा देश आपल्या उपासकांना परका राहिलेला नाही, म्हणून तेथील एका चित्रपटाचा दाखला देतो. केंजी मिझोगुची यांनी १९३९ मध्ये ‘झांगिकू मोनोगातारी’, म्हणजे हंगाम सरता सरता फुललेल्या शेवंतीची कहाणी, हा चित्रपट काढला. नायक किकुनोसुके काबुकीच्या थोर घराण्यातील दत्तक मुलगा, स्त्रीभूमिका करणारा. त्याचा अभिनय सुमार आहे हे सत्य घरातील दाई ओतोकू हिच्याशिवाय कोणी त्याला सांगत नाही. सत्य सांगितल्याबद्दल तिला हाकलले जाते. तो घर सोडतो, दोघे वर्षानुवर्षे फिरत्या मंडळ्यांतून हाल काढतात. तो खरा नट होतो, आणि घराण्याने त्याला परत घ्यावे म्हणून ती बाजूला होते. शेवटी ओसाकात त्याची नौकेवरून मिरवणूक निघते आणि त्याच वेळी एका खोलीत ती मरण पावते. किकुनोसुकेची भूमिका करणारे शोतारो हानायागी हेही स्वतः स्त्रीभूमिकांसाठीच प्रसिद्ध होते. आपल्या बालगंधर्वांची आठवण व्हावी असा हा योगायोग. ओतोकूने केले ते योग्यच, असे त्या काळच्या जपानी प्रेक्षकाला वाटले असेल. पण मिझोगुची मिरवणूक दाखविताना तिची खोली विसरू देत नाहीत. प्रेक्षक सुटत नाही. ‘धर्मात्मा’मध्ये ही खोली नाही, आणि आमच्या मते ‘प्रभात’च्या त्या कर्तबगार मंडळींची मर्यादा येथेच आहे.

जपानचे नाव निघाले म्हणून आणखी एक गोष्ट न सांगणे अप्रामाणिकपणाचे होईल. बौद्ध जपानमध्येही ‘बुराकु’ म्हणून बहिष्कृत समाज होता. ३ मार्च १९२२ रोजी क्योटोमध्ये त्यांनी ‘सुइहेइशा’ ही संघटना स्थापन केली. कित्येक बौद्ध विहारांनी त्यांच्या मृतांना हीनतादर्शक धर्मनामे दिली होती. सोतो झेन संप्रदायाच्या एका प्रमुखाने १९७९ मध्ये एका जागतिक परिषदेत असा भेदभाव जपानात नाहीच, असे म्हटले. नंतर त्याला ते शब्द मागे घेऊन क्षमा मागावी लागली. तेव्हा केवळ बौद्ध म्हणवून घेण्याने हा रोग जातो, असा अभिमान आपणही बाळगू नये.

तथागतांनी या प्रश्नी काय केले याची नोंद विनयपिटकात आहे. अनिरुद्ध, आनंद आदी शाक्य राजपुत्र प्रव्रज्येसाठी निघाले तेव्हा त्यांच्याबरोबर उपाली नावाचा न्हावी होता. आम्हा शाक्यांना मोठा अभिमान आहे, तो जावा म्हणून उपालीस आमच्या आधी दीक्षा द्यावी, असे राजपुत्रांनीच सांगितले, आणि भगवंतांनी तसे केले. परिणामी उपाली ज्येष्ठ झाला आणि राजपुत्रांनी त्याला वंदन केले. एखाद्या थोराने न्हाव्याच्या घरी एकदा जेवणे आणि न्हाव्याला ज्येष्ठतेच्या क्रमात आपल्यावर बसविणे यांत फरक आहे. पहिले त्या थोराच्या चरित्रात जमा होते. दुसऱ्याने नियम बदलतो. उपाली पुढे विनयधरांत अग्रगण्य ठरला आणि राजगृहाच्या संगीतीत विनय त्याने सांगितला. दिव्यावदानातील आनंद आणि मातंगकन्येची कथाही अशीच. आनंद विहिरीवर तिच्या हातचे पाणी मागतो, येथपर्यंत ती एकनाथांच्या कथेसारखी वाटते. पण ती मुलगी अखेर भिक्षुणी होते, आणि तिच्या प्रवेशावरून नगरात गदारोळ माजतो तेव्हा भगवंत त्यास उत्तर देतात. रवींद्रनाथांनी याच कथेवरून १९३३ साली ‘चंडालिका’ लिहिली. दोन वर्षांनी निघालेल्या ‘धर्मात्मा’च्या शेजारी ती ठेवून पाहावी. ‘चंडालिका’त नाटक त्या मुलीच्या मनात घडते.

हा चित्रपट आज आपल्या लोकांनी पाहावा काय, असे आम्हास एका धम्म-शिबिरात विचारण्यात आले होते. पाहावा, असेच आम्ही म्हटले. वासंतीच्या वाट्याला जेवढी दृश्ये आली आहेत तेवढ्या वेळी जाईकडे पाहावे, एकनाथांकडे नको. आणि संगीत ऐकावे. त्या दिवशी मागच्या रांगेतील एका वृद्ध उपासिकेने विचारले की, ज्या चित्रपटाविषयी बाबासाहेबांनी असे लिहिले, त्याची गाणी कशी ऐकावयाची? तिच्या प्रश्नाचे उत्तर आम्ही मास्टर कृष्णरावांच्या चरित्रातून दिले.

आळंदीस जन्मलेले कृष्णराव (१८९८–१९७४) भास्करबुवा बखल्यांचे शिष्य आणि गंधर्व नाटक मंडळीतील गायक नट व संगीतकार. चित्रपटाला संगीत देण्याची त्यांची सुरुवात ‘धर्मात्मा’पासूनच झाली, पुढे ‘अमरज्योती’, ‘गोपाळकृष्ण’, ‘माणूस’, ‘शेजारी’. १९५६ साली धम्मदीक्षेच्या आधी बुद्धवंदनेला चाल लावण्यासाठी बाबासाहेबांनी संगीतकाराचा शोध घेतला, तेव्हा त्यांनी बोलाविले ते याच मास्टर कृष्णरावांना. कृष्णरावांनी पाली वंदना स्वरबद्ध केली. पैठणच्या संताला सूर देणाऱ्या हाताने वीस-एकवीस वर्षांनी त्रिशरण-पंचशीलाला सूर दिला, आणि बाबासाहेबांनी तो स्वीकारला. त्या उपासिकेने हे ऐकून घेतले, क्षणभर विचार केला आणि मग आम्हास विचारले की, तर मग जाईचे काम केलेल्या त्या मुलीचे पुढे काय झाले?